रिकाम्या इमारतीचा ताबा

लोखंडी टेकूवर हातोडी मारली की कळतं. छताचा भार असेल तर तो खणखणतो, नसेल तर बद्द वाजतो. हे मला शिकवलं दाजींनी, म्हणजे थोरल्या बहिणीच्या यजमानांनी. मी ठेकेदार, ते माझे मिस्त्री. त्या सकाळी आम्ही दोघं नोंदणी कार्यालयाच्या दारात उभे होतो आणि आत जायला माझे पाय उचलत नव्हते.

करारात स्वच्छ लिहिलं होतं की सरकार ही इमारत रिकामी करून देईल, मग मी छत उतरवून नवं घालीन. सरकारनं साधी खुर्चीही हलवली नाही. छताच्या भेगा बघून मीच घाबरलो आणि टेकू लावून ठेवले, तर कारकून मंडळींनी त्यांच्यामधून टेबलं मांडून संसार थाटला. एका बाईंनी टेकूला पर्स अडकवायला हूकही बांधला होता.

बायकोचा भाऊ वकील. तो म्हणाला होता, "भाऊजी, शब्द त्यांनी मोडलाय. काम थांबवायचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे. नोटीस देऊन टाकू. पण मग तिथं हातोडीलाही हात लावायचा नाही. लावलात तर भरल्या इमारतीत काम करायला तुम्ही राजी होतात, असं ते म्हणतील. पुढं काही झालं तर तुमच्याच गळ्यात."

नोटीस दिली आणि माझी झोप उडाली. टेकू रोज आवळावे लागतात, नाहीतर आपोआप ढिले पडतात. आठवडा झाला, त्यांना कुणी हात लावला नव्हता.

"नुसतं ऐकून येऊ," दाजी म्हणाले. "ऐकायला तुझ्या वकिलाची हरकत नसेल."

आत नेहमीसारखी गर्दी होती. दाजींनी मधल्या रांगेतल्या पहिल्या टेकूवर हातोडी टेकवली, तसा तो चिरका वाजला; भार झेपेनासा झाला की टेकू असा वाजतो. त्याच्या शेजारचा टेकू जागेवर नव्हताच. तिथं नवंकोरं कपाट उभं होतं.

"इथला टेकू कुणी काढला?"

"शिपायानं," पर्सवाल्या बाई म्हणाल्या. "कपाट बसत नव्हतं. आणि तो ढिलाच होता हो, नुसत्या हातानं फिरला."

ढिला होता, कारण मी माझा हक्क बजावत घरी बसलो होतो.

"बाई, बाहेर चला. सगळ्यांनीच चला."

"आमच्या साहेबांनी सांगितलं तर जाऊ. तुम्ही कोण सांगणारे?"

बरोबर होतं. मी कुणीच नव्हतो. धावत समोरच्या इमारतीत, करार ज्यांच्याशी होता त्या बांधकाम खात्याच्या साहेबांकडे गेलो.

त्यांनी शांतपणे ऐकलं. "ती माणसं दुसऱ्या खात्याची. मला काढता येत नाहीत. जागा तुमच्या ताब्यात असती तर तुम्ही काढू शकला असता." त्यांनी एक कागद पुढे सरकवला. 'इमारत रिकामी करून मिळाली. तक्रार नाही.'

"साहेब, ती भरलेली आहे."

"सही केलीत की रिकामी होईल."

खिशात फोन वाजत होता. वकीलच असणार. मी उचलला नाही. सही केली, खाली तारीख आणि वेळ घातली.

मग साहेबांचा नोंदणी कार्यालयात एक फोन आणि माझ्या हातात तो कागद, एवढ्यावर सगळे कुरकुरत बाहेर पडले. पर्सवाल्या बाई मधूनच परत फिरल्या. मी त्यांना दंडाला धरून ओढत आणलं. त्या मला वाटेल ते बोलल्या. शेवटी दाजी बाहेर आले, खांद्यावर पांढरी धूळ घेऊन.

"चुना गळायला लागलाय," ते हळूच म्हणाले. "लांब व्हा."

आम्ही रस्त्याच्या पलीकडे पोचलो आणि आतून धाडकन आवाज आला. खिडक्यांतून धूळ लोटली. बाईंचं बोलणं अर्ध्यावर थांबलं.

साहेब धावत खाली आले. त्यांनी आधी इमारतीकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"सहीखाली वेळ घातलीत ना?"

वेळ छत पडण्याआधीची होती. म्हणजे पडली ती माझ्या ताब्यातली, रिकामी मिळालेली इमारत. मी पुन्हा एकदा माणसं मोजली. सगळी होती.

"घातली," मी म्हणालो.