रेडिओची साक्ष

कोर्टासमोरच्या सलूनवाल्याला सगळी गल्ली रेडिओ म्हणायची. कात्री हातात आली की याचं तोंड सुरू, आणि कात्री खाली ठेवली म्हणून ते बंद होईलच असं नाही. बरं, विषय एकच, स्वतःची थोरवी. घर मी चालवतो, पोरीचा अभ्यास मी घेतो, दुकान तर माझ्याच जिवावर. बायको काय, दिवसभर घरी बसून असते. मानेवर वस्तरा असल्यामुळे गिऱ्हाईकांपैकी कुणी कधी वाद घातला नव्हता.

ती बायको मागच्या वर्षी गेली. धुतलेल्या टॉवेलांचं गाठोडं घेऊन दुकानाकडे येत होती, टँकरने उडवलं. त्या दिवशी रेडिओ बंद पडला तो कित्येक दिवस बंदच होता.

आता भरपाईचा दावा उभा राहिला. त्याच्या वकीलबाईंनी नीट समजावलं होतं. "घर सांभाळणाऱ्या बाईच्या कामाचंही मोल कोर्ट धरतं. त्या काय काय करायच्या, तेवढंच सांगा. जास्त बोलू नका." पोरीचं नर्सिंगचं कॉलेज या पैशावर अडलं होतं. दुकानात माणूस ठेवायला परवडेना, म्हणून ती कॉलेज सोडून आईच्या जागी टॉवेल धुवत बसली होती.

काम तसं सोपं होतं. पण मागच्या बाकावर मेहुणी येऊन बसली होती. बायकोची ही धाकटी बहीण आणि तो, दोघांमधून विस्तव जात नसे. "ताई नसती तर भाऊजींना स्वतःचा सदरासुद्धा सापडला नसता," हे तिचं ठरलेलं वाक्य. तिच्यादेखत ते कबूल करण्यापेक्षा त्याने स्वतःची मिशी उतरवली असती.

"ती मदत करायची," त्याने सुरुवात केली. "म्हणजे, मी सांगेन तसं."

वकीलबाईंनी कपाळाला हात लावला.

मग टँकरच्या विमा कंपनीचा वकील उठला. कोर्टातले निम्मे वकील त्याचे गिऱ्हाईक, आणि हा तर अगदी नेमाचा.

"मला ओळखलंत?"

"न ओळखायला काय झालं, साहेब. मिशी बारीक, कल्ले आखूड."

"तुमच्या खुर्चीत बसून मी काय ऐकत आलोय? सगळं मीच करतो, बायको नुसती बसून असते. तुमचेच शब्द ना?"

उचलली जीभ लावली टाळ्याला, त्याचं फळ आता काळा कोट घालून समोर उभं होतं. हो म्हणावं तर पोरीचं कॉलेज बुडतं. नाही म्हणावं तर आयुष्यभराची फुशारकी मेहुणीसमोर मातीत जाते. त्याने मागे वळून पाहिलं. पोर मावशीला खेटून बसली होती. साबणाने सोललेली बोटं तिने ओढणीत गुंडाळून घेतली होती. ती बोटं पाहून त्याला स्वतःच्या जिभेची भयंकर लाज वाटली.

"बोललो होतो, साहेब," तो म्हणाला. "पण खुर्चीतल्या माणसाला मी खरं कुठे सांगतो? तुम्हालाच दर वेळी सांगतो की केस अजून दाट आहेत."

कोर्टात खसखस पिकली. वकिलाचा हात नकळत डोक्यामागे गेला. न्यायाधीशांनी रुमाल तोंडाला लावला आणि जरा वेळाने विचारलं, "मग खरं काय?"

एकदा सुटल्यावर रेडिओ थांबतोय कसला. दुकान रोज सकाळी तीच उघडायची. झाडलोट तिची, टॉवेल तिचे, आणि उधारीही तीच वसूल करायची, कारण त्याला मागायला जमत नसे. अभ्यास तर तीच घ्यायची. पोर कितवीत आहे हे त्याला तिलाच विचारावं लागे. त्याच्या वडिलांचं शेवटचं दुखणं तिने एकटीने काढलं आणि येणाऱ्याजाणाऱ्याला सांगितलं, यांनीच सगळं केलं. वकीलबाई पुरे, पुरे अशी खूण करत होत्या, पण तिकडे बघतो कोण.

"सदरासुद्धा तीच काढून द्यायची," मेहुणीकडे न बघता तो म्हणाला.

न्यायाधीश टाइप करणाऱ्याकडे वळले. "नुसतं गृहिणी नको. घर आणि दुकान दोन्ही चालवायच्या, असं घ्या."

विमावाल्या वकिलाने जाता जाता एक खडा टाकला. "सगळं त्याच करायच्या, तर मग तुम्ही काय करायचात?"

रेडिओला दुसरं काही आठवेना.

"मी बोलायचो," तो म्हणाला.

या वेळी कुणी हसलं नाही. मागच्या बाकावर मेहुणी उभी राहिली. शिपायाने तिला बसायची खूण केली, पण ऐकेल ती मेहुणी कसली.

"तेही लिहून घ्या, साहेब," ती म्हणाली. "मी कितीदा तिला म्हटलं, कशी सहन करतेस ही बडबड. तर ताई म्हणायची, हे गप्प बसले की मला घर खायला उठतं."

शिपायाने तिला खाली बसवलं. वकीलबाईंनी रेडिओला विचारलं, आणखी काही सांगायचंय का. तो तोंड उघडून उभा होता, पण शब्द काही फुटेना.