यमाजीची आणि राघूची मेंढरं

शफी मास्तरांनी पाटी पुसली, पुन्हा तेच गणित लिहिलं आणि पेन्सिल इतक्या जोरात टेकवली की तिचे दोन तुकडे झाले.

"वाच. यमाजी आणि राघू यांची मिळून चाळीस मेंढरं. यमाजीची राघूपेक्षा सहा जास्त. तर प्रत्येकाची किती?"

रतनबाईनं पदर सारखा केला.

"यमाजीची जास्तीची सहा बाजूला काढायची. मग दोघांची सारखी झाली. उरल्याली निम्मी निम्मी."

"शाबास! मग राघूची किती?"

"यमाजीपरीस कमी."

मास्तरांनी कपाळावर हात मारला. सकाळपासून हेच चाललं होतं. आंब्यांचं गणित तिनं चुटकीसरशी सोडवलं, ज्वारीच्या पोत्यांचंही सोडवलं. मेंढरांपाशी आलं की घोडं पेंड खायचं. परवा मंचरला सातवीची फायनल. पास झाली तर कळंबच्या शाळेत बाई म्हणून लागायची. नापास झाली तर पुन्हा कळपामागं रानोमाळ. दिरानं तशी अटच घातली होती. आणि ही बया उत्तरापाशी येऊन मुकी!

"अगं, उत्तर न लिहिता मार्क कोण देणार? तुझा दीर?"

"मेंढरांचा आकडा आमच्या घरात तोंडातनं काढत न्हाईत, मास्तर. दृष्ट लागती."

"कागदावरच्या मेंढरांना? ज्यांना ना लोकर ना शेपूट!"

"जनावरांचा सरकारी मोजणीवाला आला व्हता, त्यालाबी कागदावरच पायजे व्हतं. चार बुकं शिकले म्हणून म्याच पुढं होऊन आकडा सांगितला. पंधरवड्यात एकोणीस मेली."

मास्तर ओरडणार होते, ते थबकले.

"आत्ता बरा आकडा सांगितलास?"

"मेल्याल्यांना आता कुणाची दृष्ट लागायची?"

मास्तरांनी पाटी ओढली. 'मिळून चाळीस मेंढरं' याच्यापुढं 'मेली' एवढं खरडलं आणि पाटी परत सरकवली. रतनबाईनं एका दमात लिहिलं. यमाजीची तेवीस, राघूची सतरा.

"या अल्ला! एवढ्यासाठी माझा जीव खाल्लास? परीक्षेत मेंढरं आली तर आधी मनातल्या मनात मारून टाक आणि मग मोज!"

तोंडातून गेलं खरं, पण त्यांचं त्यांनाच कसंसं झालं. रतनबाई हसली नाही. तिनं नुसती मान हलवली.

परीक्षेच्या दिवशी उन्हं कलली तरी मास्तर शाळेच्या ओट्यावरच बसून होते. ती मंचरहून आली ती पाय ओढतच.

"मेंढरं आली होती?"

"आली व्हती."

"सुटलं का?"

"सुटलं. दोनदा ताडून बघितलं, बरोबर हाय."

मास्तरांचा जीव भांड्यात पडला. ते मोठ्यानं 'शाबास' म्हणाले, पण रतनबाई पायरीवर बसली आणि तिनं पदर डोळ्यांना लावला.

"साठ व्हती, मास्तर," ती म्हणाली. "येकबी ठेवलं न्हाई."