दाराला कुलूप, आत गणपती

मित्रांनो, मी एक जुना दरवाजा आहे. वाईच्या एका आळीतला, सागवानी, आणि आधीच सांगून ठेवतो, भयंकर रागावलेला. दरवाजानं रागवायचं नसतं, आल्यागेल्याला निमूट वाट द्यायची असते, असं लोक म्हणतात. म्हणोत बापडे! माझ्या बिजागऱ्यांवर चार दिवस लटकून बघा, मग बोला.

मला सिद्धू सुतारानं घडवलं. पावसाळ्यात फुगू नये म्हणून त्यानं फळ्या आधी चांगल्या वाळवल्या. मला बसवल्यावर तो मालकांना म्हणाला, "आवं, नातवाच्या लग्नाचं तोरण बांधाल ह्याच्यावर!" रोज उंबऱ्यावर रांगोळी, सणाला तोरण. आळीतली माणसं माझ्यावर हात फिरवून कौतुक करायची. मीही भाव खायचो, खोटं कशाला बोलू?

मालक गेले आणि घर त्यांच्या मुलाच्या, अनंतरावांच्या हाती आलं. त्यांचं घोंगड्यांचं दुकान होतं. शहाण्णव सालच्या उन्हाळ्यात आटपाडीहून भामाबाई आली. घरच्या मेंढरांच्या लोकरीची वर्षभराची घोंगडी तिनं एसटीच्या टपावर टाकून आणली होती. तिच्या नवऱ्याला, कोंडीबाला, काचबिंदू झाला होता. "मिरजेचा डाक्टर म्हणतोय, लवकर आप्रेशन करा, गेलेली नजर परत येत न्हाई," असं तिनं माझ्यासमोर उभं राहून सांगितलं. अनंतरावांनी माल उतरवून घेतला आणि रोख पैशांऐवजी चेक दिला.

"चेक म्हणजे पैसेच, भामाबाई. बँकेत टाका, की झालं."

बिचारीनं तो कागद कपाळाला लावला. ती वळणावर दिसेनाशी झाली आणि अनंतराव बायकोला, विनोदिनीबाईंना, हसत म्हणाले, "खात्यात खडखडाट आहे, पण तेवढाच वेळ तर मिळाला!" माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मला तळपाय नाहीत, तरी गेली.

चेक परत आला. भामाबाई हेलपाटे घालू लागली. आटपाडी, विटा, कराड, सातारा, वाई, एवढ्या गाड्या बदलून यायचं आणि ऐकायचं काय, तर "पुढच्या आठवड्यात बघू." शेवटी तिनं भार्गवी नावाच्या वकीलबाई गाठल्या.

मित्रांनो, खात्यात पैसे नसताना दिलेला चेक परत आला, तर कायदा आधी नोटीस द्यायला सांगतो. नोटीस मिळाल्यावर पंधरा दिवसांत पैसे दिले नाहीत, तर तो गुन्हा ठरू शकतो आणि तुरुंगाची हवा खावी लागते. अनंतरावांना हे पक्कं ठाऊक होतं. म्हणून त्यांनी काय करावं? स्वतः आत बसले आणि दुकानातल्या जोतीरामकडून मला बाहेरून कुलूप लावून घेतलं! येणंजाणं परसदारानं. नोटीस हातात पडलीच नाही, तर केस उभी कशी राहील, असा त्यांचा हिशेब. चोरांपासून घर राखायला मी जन्मलो आणि माझ्याच आडोशाला चोर बसला.

नेमका तेव्हाच गणपती बसला होता. विनोदिनीबाई म्हणाल्या, "अहो, गणपती घरात असताना कुणी दाराला कुलूप लावतं का?"

"तू आरती हळू म्हण. घंटा वाजवू नकोस," अनंतराव म्हणाले.

पोस्टमन अर्जुना भार्गवीबाईंची नोटीस घेऊन आला, कुलूप बघून 'दार बंद' लिहून गेला. दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी दुपारी तो पुन्हा आला, तेव्हा भामाबाईही येऊन पोचली होती. तिनं माझ्यावरचं ताजं तोरण पाहिलं, उंबऱ्याशी सांडलेल्या दूर्वा पाहिल्या आणि कंबरेवर हात ठेवून ओरडली, "आरं, गणपती बसलाय न्हवं ह्या घरात? देवाला कोंडून कोण जातंय का रं गावाला? आत हायसा तुमी! भाईर या!"

आणि मग घंटा वाजली. विनोदिनीबाईंनी हातात घेतली आणि अशी वाजवली, की आळी गोळा झाली. "बंद कर!" असं अनंतराव ओरडले, तेही सगळ्यांनी ऐकलं. अर्जुनानं हाक मारली, "अनंतराव, रजिस्टर आलंय, घेताय का?" आतून खिडकीची कडी लागली. त्यानं पाकिटावर लिहिलं, 'मालक घरात आहेत, घेत नाहीत.'

पंधरा दिवस उलटले, खटला उभा राहिला आणि तारखांवर तारखा पडत तीन वर्षं चालला. अनंतराव कोर्टात म्हणाले, "मला नोटीस मिळालीच नाही. मी गावाला होतो, घराला कुलूप होतं." भार्गवीबाईंनी विचारलं, "विसर्जन कधी केलंत?" ते म्हणाले, "अनंत चतुर्दशीला." "मग तोवर गणपतीला एकट्याला कुलपात ठेवून कुठं गेला होतात?" जोतीरामनं हे सगळं माझ्याच पायरीवर बसून आळीला ऐकवलं. घेतलं नाही म्हणून नोटीस चुकत नाही, असं कोर्टानं ठणकावलं. अनंतरावांना कैद झाली, दंड झाला आणि दंडातून भामाबाईला भरपाई मिळाली.

तुम्ही म्हणाल, झाला की न्याय. थांबा जरा.

पैसे मिळाल्यावर भामाबाई एकदा इथं आली. विनोदिनीबाईंनीच चहाला बोलावलं होतं. सोबत कोंडीबा होता, तिच्या खांद्यावर हात ठेवून. पायरी चढताना त्याचा दुसरा हात चाचपडत माझ्यावर आला.

"ह्यो काय गं?"

"दरवाजा हाय."

"उघडा हाय न्हवं?"

"व्हय."

"मग चल," तो म्हणाला आणि अंदाजानं पाय उचलून आत गेला.

तीन वर्षांत त्याची नजर पुरती गेली होती. कोर्टानं पैसे मिळवून दिले, डोळे कोण देणार?

म्हणून मित्रांनो, हात जोडून नाही, खडसावून सांगतो. तुमच्या घरच्या दरवाजाला तेल घाला, वाळवीपासून जपा, तोरण बांधा, नका बांधू. पण आपण ज्याचं देणं लागतो तो दारात आला, तर आम्हाला बंद करू नका.