ताईची शीळ

ताई गेली आणि भाऊजींनी तिचा लव्हबर्ड पिंजऱ्यासकट माझ्या दारात आणून ठेवला. "तिच्यासारखी शीळ घालतो," ते म्हणाले. "मी आतून 'आलो' म्हणतो. मग आठवतं." ते चहालाही थांबले नाहीत.

ती शीळ मला पाठ होती. दोन आखूड, एक लांब. लहानपणी ताई गल्लीच्या टोकावरून मला तशी बोलवायची. मला मात्र शीळ कधी जमली नाही. ओठांतून नुसती हवा जायची. त्यावरून तिने माझं नाव 'फुसकी' ठेवलं आणि पुढे माझ्या सासूबाईंसमोरसुद्धा खुशाल चालवलं.

माझ्याकडे आधीचे चार लव्हबर्ड आहेत, शिलाई मशीनशेजारच्या मोठ्या पिंजऱ्यात. एक नंबरचे भांडखोर. मशीन सुरू झालं की त्यांचंही सुरू होतं. गिऱ्हाइकाशी मला ओरडून बोलावं लागतं. नवा पक्षी आधी वेगळा ठेवायचा, आजारी नाही ना बघायचं, मग त्यांच्यात सोडायचा, हे मला ठाऊक होतं. मी त्याला आतल्या खोलीत ठेवला आणि तिथेच राहू दिला. सकाळी शीळ आली की माझे हात थांबायचे. ताई टोकाशी उभी आहे असं वाटायचं. त्या चार बोंबल्यांत गेला तर तो त्यांच्यासारखाच बोंबलणार, हे न कळायला मी काही दूधखुळी नाही.

मग तो छातीची पिसं उपटायला लागला. "आजार नाही," डॉक्टर म्हणाले. "एकटा पडलाय."

"अगं, सोड की त्यांच्यात," आमचे हे म्हणाले. "कशाची वाट बघतेयस?"

"तुम्हाला काय कळतंय त्यातलं!" मी खेकसले. मग बाथरूममध्ये जाऊन रडले.

काही दिवस दोन्ही पिंजरे शेजारी ठेवले. मग एका दुपारी मोठ्या पिंजऱ्यातल्या काठ्या, झोके, वाट्या इकडच्या तिकडे केल्या, म्हणजे 'ही माझी जागा' म्हणायला कुणाला तोंड राहू नये. दार उघडून त्याला आत सोडलं. चौघे त्याच्यावर धावून गेले. तो कोपऱ्यात अंग चोरून ताईची शीळ घालत राहिला, परत परत. त्याला उचलून घ्यावंसं वाटत होतं. मी हात मांडीखाली दाबून बसले. संध्याकाळी त्यांच्यातली म्हातारी हिरवी सरकत सरकत त्याच्याजवळ आली आणि त्याची मान खाजवायला लागली.

आता त्याची छाती पिसांनी भरली आहे. मशीन सुरू झालं की पाचही जण एकदम कालवा करतात. शीळ बंद झाली.

काल भाऊजी आले. बराच वेळ पिंजऱ्याकडे कान देऊन बसले.

"आता घालत नाही का?"

"नाही."

"एकदाच ऐकायची होती गं."

त्यांचा चेहरा मला बघवेना. मी ओठांचा चंबू केला. दोन आखूड, एक लांब. नुसती हवा गेली.

"फुसके," भाऊजी हळूच म्हणाले. ताई गेल्यापासून त्या नावाने मला कुणी हाक मारली नव्हती.