मेणाचा दात

साथ ओसरून वर्ष झालं, तरी दातांच्या लॅबमधल्या मांडणीवर तेव्हाचे साचे तसेच पडून होते. दवाखान्यांतून माणसांच्या जबड्यांचे ठसे येत, तिथे काम करणारी ती त्यांत प्लास्टर ओतून साचा काढी आणि त्यावरून दात घडवी. मालकांनी आज संध्याकाळपर्यंत मांडणी रिकामी करायला सांगितलं होतं. सकाळपासून ती एकेका दवाखान्याला फोन करून, साच्यावरचं नाव सांगून, त्या माणसाला दात अजून हवेत का, हे विचारत होती. पलीकडचा माणूस नाव ऐकून गप्प झाला, की तीही पुढचं विचारत नसे. साचा बादलीत टाकायचा आणि पुढचा उचलायचा. हात भरून आले होते.

दुपारी वहिनी दादाचा साचा न्यायला आली. साथीत दादाला घरातून नेलं, तो परत आलाच नाही; त्याचा चेहराही कुणाला पाहायला मिळाला नव्हता. फोटो होते, पण पुढचा दात तुटका म्हणून तो फोटोत तोंड घट्ट मिटून बसायचा. पोरांशी पैज लावून दातांनी अक्रोड फोडायला गेला होता. हसताना तो कसा दिसायचा, हे आता कुठेच उरलं नव्हतं.

तिनं फडक्यात जपून ठेवलेला साचा पुढे केला. वहिनीनं त्यावरून बोट फिरवलं, पुन्हा एकदा फिरवलं आणि तो खाली ठेवला.

"वन्सं, हा त्यांचा नाही."

तिनं साचा उलटून पाहिला. खालचा नंबर बरोबर होता. खरा साचा बादलीत तर गेला नसेल? मग तिनं हातातला साचा खिडकीशी धरला. पुढचा दात किंचित पिवळसर होता.

ते मेण होतं. दातावर टोपी बसवायची, तर आधी साच्यावर तुटका भाग मेणानं भरून घ्यायचा, ही तिची रोजची सवय. दादाचाही तिनंच भरला होता, तो आजारी पडायच्या आदल्या दिवशी. तेव्हा तो शेजारी बसून म्हणाला होता, फार सुबक करू नकोस, तुझी वहिनी मला घरात घ्यायची नाही.

तिनं बारीक चाकू घेतला. टोपीचं माप आता कुणालाच लागणार नव्हतं. मेण कपच्याकपच्यांनी निघालं आणि खाली तिरपी, ओबडधोबड कड दिसली.

वहिनीनं त्या कडेवर बोट ठेवलं आणि बराच वेळ काढलंच नाही.

"हां," ती म्हणाली. "हे आहेत."

तिनं टेबलावरच्या मेणाच्या कपच्या पुसल्या, वहिनीसाठी स्टूल पुढे सरकवलं आणि पुढच्या दवाखान्याला फोन लावला.