तूरडाळ काही बोलली नव्हती

गेल्या शुक्रवारी दुपारी कुवेतच्या सलवा भागातल्या आमच्या फ्लॅटमध्ये ताटातलं तळलेलं पापलेट उत्तम इंग्रजीत बोललं, आणि तेव्हापासून आमच्या घरात खुबूस सोडून काही खाल्लं जात नाही. खुबूस म्हणजे इथल्या बेकरीतली रोटी. असं काहीही घडलेलं नाही, हे ताईने त्याच संध्याकाळी जाहीर केलं. तेव्हा घडलेलं नाही असं धरूनच सांगतो.

आम्ही देवगडकडचे. ताई म्हणजे कौमुदी, माझी मोठी बहीण. आलोक भावोजी तेलकंपनीत इंजिनियर. ओवी ही त्यांची सात वर्षांची मुलगी. तिला मराठी सगळं कळतं, पण उत्तर इंग्रजीतच सुचतं. आणि मी सुयश, शर्कमधल्या एका ऑफिसात लोकांनी विसरलेले पासवर्ड बदलून देतो आणि यांच्याकडे राहतो. पूर्वी आम्ही दर शुक्रवारी शर्कच्या मासळी बाजारात जायचो. दोन वर्षं झाली, बंद. कारण मॉर्टिमर.

मॉर्टिमर हा बांगडा आहे. लहान मुलांच्या एका इंग्रजी टीव्ही कार्यक्रमात तो समुद्राच्या तळाशी पोस्टमास्तर आहे. चष्मा लावून ओल्या पत्रांवर शिक्के मारत बसतो. ओवीने त्याला पाहिलं आणि त्या दिवसापासून घरात मासा बंद. भावोजींनी एकदा गुपचूप सुकट आणली, तर ओवीने एकेक सुकट वेगवेगळ्या टिश्यूत गुंडाळून तुळशीच्या कुंडीत पुरली. पुढच्या आठवड्यात तुळसही गेली.

"अगं बाळा, तो खरा नाहीये. एक माणूस बोलतो त्याच्या आवाजात," ताई सांगून थकली.

"यू आर लाइंग," ओवी म्हणायची.

आणि मग तो माणूसच कुवेतला आला.

डेरेक पिलबीम. वय सत्तरीच्या आसपास. त्यांची कारकीर्द मी नेटवर वाचली आणि मला माझ्या नोकरीबद्दल बरं वाटू लागलं. सुरुवात गाणाऱ्या चहाच्या किटलीपासून. मग ट्रॅक्टरचं डावं चाक. उजव्या चाकाला आवाज देणाऱ्याशी त्यांचं अजून बोलणं नाही. रंगभूमीवर दोघांनी मिळून घालायच्या घोड्याच्या पोशाखात मागचे पाय, दहा वर्षं. मग गुणवत्तेवर पुढचे. शेवटी बांगडा, आणि बांगड्यावर नाव झालं. म्हणजे बांगड्याचं झालं.

भावोजींच्या कंपनीच्या फॅमिली डेला त्यांचा स्टेज शो होता. बांगड्याचा पोशाख घालून ते नाचले. आवाज आधीच टेप केलेला, त्यांचाच. म्हणजे पिलबीमसाहेब स्वतःच्याच आवाजावर ओठ हलवत होते, आणि तेही बांगड्याच्या तोंडाआड, जिथे ओठ कुणाला दिसत नव्हते.

"आलोक, त्यांना जेवायला बोलाव," ताई म्हणाली. "ओवीसमोर बसून मासा खाऊ देत. माणूस आहेत हे दिसलं की विषय संपला."

"येतील का ते?"

"तू कमिटीवर आहेस ना? मग खुर्च्या मोजायलाच आहेस का?"

भावोजींनी विचारलं. पिलबीम इतक्या पटकन हो म्हणाले की भावोजींना संशय आला. कारण गाडीत कळलं. करारात कलम होतं: कलाकाराने चारचौघांत मासा खायचा नाही, मुलांच्या मनावर परिणाम होतो. एकोणीस वर्षं माणूस हॉटेलात कोबी मागवत होता. पण आमचं घर म्हणजे काही चारचौघं नव्हे.

पापलेटाला इथे झुबैदी म्हणतात. मी पहाटेच जाऊन चांगली दोन आणली. ताईने रवा लावून तळली. बरोबर सोलकढी, भात, बटाट्याच्या काचऱ्या, काकडीची कोशिंबीर आणि, घात होऊ नये म्हणून, तूरडाळीची आमटी. दोन वर्षांनी तो वास आला तेव्हा वरच्या मजल्यावरच्या फखरुन्निसाआपांनी फोन करून विचारलं, "सब ख़ैरियत? कोई मेहमान मुल्क से आया है?"

ओवीने पाहुण्यांना वरपासून खालपर्यंत बघितलं आणि म्हणाली (पुढचं सगळं इंग्रजीत समजावं), "तुम्ही मॉर्टिमर नाही. मॉर्टिमरला गुडघे नाहीत."

ताईने माझ्याकडे बघून डोळा मारला. इथेच थांबायला हवं होतं. पण सत्तर वर्षांच्या कलावंताला 'तू तो नाहीस' म्हटल्यावर तो काय करणार? पिलबीमनी घसा खाकरला आणि मॉर्टिमरच्या आवाजात म्हणाले, "पत्र आहे का बाळ, पत्र?"

ओवीचा चेहरा उजळला. तिचं शंकानिरसन झालं होतं, फक्त उलट्या बाजूने. हा माणूस बांगडा नाही, असं नव्हे. हा बांगडाच, माणसाच्या वेषात आलाय.

"घरी सांगून आलात ना?" तिने काळजीने विचारलं. मग तिची नजर ताटावर गेली. "हे कोण?"

काय नाही. कोण.

"तुमच्या ओळखीचे आहेत?"

ताईने डोळे मिटले. भावोजी पाणी प्यायले, माझं. पिलबीमनी पापलेटाकडे पाहिलं. माझी खात्री आहे, त्यांना फक्त खायचं होतं. पण समोरून वाक्य आलं की उत्तर द्यायचं, ही जन्माची सवय.

पापलेट बोललं. आवाज एखाद्या पेन्शनर आजोबांचा, जरा सर्दी झालेला. "बेटा, माझी काही तक्रार नाही. आखातभर पोहलो. इराणला जाऊन आलो, व्हिसा लागला नाही. आता मला थंड होऊ दिलंत तर मात्र अपमान वाटेल."

खरं तर हे फार चांगलं भाषण होतं. मी रडवेला होऊन तुकडा तोडायला हात पुढे केला.

"मामा!" ओवी ओरडली. "ते बोलतायत!"

"संपलं त्यांचं बोलून."

"मेल्या, गप रव," ताई म्हणाली. ती मालवणीत शिरली की कुणी वाद घालत नाही.

मग ओवीने बोट काचऱ्यांकडे नेलं. "आणि हे?" बटाटे बोलले, कोरसमध्ये. भात बोलला, शितागणिक. सोलकढी गायली. कोशिंबिरीतली काकडी तर हुंदके देऊन रडली. पिलबीमांच्या कपाळावर घाम होता. ते थांबू शकत नव्हते. आयुष्यात पहिल्यांदा त्यांना टेपशिवाय स्टेज मिळालं होतं. भावोजी टाळ्या वाजवत होते, मग ताईने पाहिल्यावर थांबले.

शेवटी ओवीने आमटीच्या वाटीला कान लावला. पिलबीम दमले होते, काही बोलले नाहीत. पण एक गुरगुर झाली.

"तीही बोलली!" ओवी म्हणाली आणि वाट्या गोळा करायला लागली. आम्ही खुबूस खाल्ला. तो बेकरीच्या पिशवीत होता, त्याला कुणी विचारलं नव्हतं.

टॅक्सीपर्यंत सोडायला मी गेलो. ताईने फॉइलमध्ये एक पापलेट दिलं होतं. पिलबीमनी इकडेतिकडे पाहिलं, पार्किंगमधल्या खांबामागे गेले आणि उभ्याउभ्या, काटे बाजूला काढत, सगळं खाल्लं.

"माझी मुलगी फोन करते ना," बोटं पुसत ते स्वतःच्या आवाजात म्हणाले, "तेव्हा म्हणते, जरा मॉर्टिमरला द्या. बेचाळीस वर्षांची आहे." त्यांचा स्वतःचा आवाज अगदी साधा होता. मला आता तो आठवतही नाही.

तर सध्या पापलेट, बटाटा, भात, काकडी यांचा निकाल लागलेला आहे. आमटीचा लागायचा आहे. ओवी म्हणते ती बोलली. आम्ही म्हणतो ते पाहुण्यांचं पोट होतं. ओवी म्हणते, मग लिहून आणा, शिक्का हवा. मुलगी कुवेतमध्ये वाढली आहे, इथे शिक्क्याशिवाय काही खरं धरत नाहीत. म्हणून कार्यक्रमाच्या लंडनच्या निर्मात्यांना भावोजींनी पाठवलेल्या अर्जाचा मसुदा मी केला, तो असा:

"महोदय, आपले कलाकार श्री. पिलबीम हे आमच्याकडे भोजनास आले असता तूरडाळीच्या आमटीच्या दिशेने जो ध्वनी आला, तो सदर कलाकाराच्या उदरातून आला होता व सदर डाळ त्या वेळी व तत्पूर्वीही पूर्णतः मुकी होती, असे प्रमाणपत्र मॉर्टिमर यांच्या स्वाक्षरीने व पोस्टाच्या ओल्या शिक्क्यासह, अरबी भाषांतर जोडून, चौघांच्या उपासमारीची दखल घेऊन तातडीने द्यावे, ही विनंती."