केसांना पुसलेली शाई

मित्रांनो, माझ्या झाकणावरची ही अर्धी मडम बघून हसू नका. टोपी आणि एक डोळा, एवढीच उरली आहे ती बिचारी. मी अंगठ्याच्या शाईची जुनी डबी आहे. पत्र्याची, तळहाताएवढी, एका कडेला गंज चढलेली. पण मला कुणी भंगार म्हटलं की माझं डोकं फिरतं, हे आधीच सांगून ठेवते. सांगलीत डॉक्टर श्रेणिक चौगुले यांच्या दवाखान्यात मी वर्षानुवर्षं टेबलावर मानानं बसले आहे. माझ्या शाईमुळे तिथं एकदा ऐन वेळी ऑपरेशन थांबलं होतं. ती हकीकत मला तुम्हाला सांगायची आहे.

माझा जन्म बेचाळीस सालचा. लढाई चालू होती आणि विलायती माल येईनासा झाला होता. दवाखान्यातला जुना पॅड वाळून खडखडीत झाला, नवा कुठं मिळेना. तेव्हा डॉक्टरांनी पत्र्याची कामं करणाऱ्या आकारामला बोलावलं आणि बिस्किटांचा एक रिकामा डबा त्याच्या हातात दिला. आकारामनं तो कापला, तशी वरच्या चित्रातली मडमही अर्धी कापली गेली; मग ठोकला, कडा वळवल्या. आत आधी कापसाची गादी घातली, पण ती दोन दिवसांत चेपून बसली. मग त्या भल्या माणसानं आपल्या घोंगडीचा कोपरा कापून आत बसवला. जतच्या धनगरानं विणलेली घोंगडी होती ती, एकदम घट्ट. "आता धा वरीस बगायला नगं," असं म्हणून तो गेला.

शाई केली ती कंपाउंडर आदगोंडांनी. जखमेला लावायचं जांभळं औषध आणि ग्लिसरीन त्यांनी खलात घोटलं आणि माझ्या लोकरीला पाजलं. म्हणजे बघा, अंगावर बिस्किटांचा पत्रा, पोटात जतची लोकर आणि लोकरीत औषध! अशी डबी तुम्हाला अख्ख्या सांगलीच्या बाजारात मिळायची नाही.

आमच्या डॉक्टरांचा एक नियम होता. ऑपरेशनच्या आधी कागद मोठ्यानं वाचून दाखवायचा, आणि ज्याच्या अंगाला सुरी लागणार त्याचाच अंगठा घ्यायचा. तुम्हाला वाटेल, त्यात काय मोठंसं? अहो, त्या काळी बायकोसाठी नवरा अंगठा द्यायचा, बापासाठी मुलगा द्यायचा, आणि त्यात कुणाला काही वावगं वाटायचं नाही. एकदा एक शेतकरी आपल्या बायकोला, भामाबाईला, घेऊन आला. "तिला काय कळतंय? माझा घ्या अंगठा," म्हणाला. डॉक्टर म्हणाले, "पोट तुमचं दुखतंय का?" तो बाजूला सरला. भामाबाईनं सगळा कागद ऐकून घेतला, दोन प्रश्न विचारले आणि मग असा दाबून अंगठा उठवला की कागदाला भोक पडलं. मला त्या दिवशी फार बरं वाटलं.

किती अंगठे बघितले मी! ऊस तोडून चिरलेले, हळद शिजवून पिवळे झालेले, गुळाच्या पेठेतल्या हमालांचे राठ अंगठे. सगळ्यांची एक सवय मात्र सारखी. अंगठा उठवून झाला की शाई डोक्याच्या केसांना पुसायची. बाई असो, बाप्या असो, हात आपोआप डोक्याकडे जायचा. आदगोंडा ओलं फडकं पुढं करायचे, पण त्या फडक्याकडं कुणी बघेल तर शपथ. "दवाखान्यातनं सगळी जांभळ्या डोक्यानं बाहेर पडत्यात," असं ते कुरकुरायचे. ही सवय तेवढी ध्यानात ठेवा.

सेहेचाळीस सालची दिवाळी होऊन गेली होती. एका सकाळी दवाखान्याच्या दारात बैलगाडी उभी राहिली. तेव्हाच्या सातारा जिल्ह्यात, वाळवे तालुक्यात कृष्णेकाठी एक गाव आहे, तिथल्या राहीबाईंना त्यांच्या मुलानं गाडीतून आणलं होतं. मुलाचं नाव लालासाहेब. पलटणीतला हवालदार, इटलीच्या लढाईतून सुखरूप परत आलेला, आईचा एकुलता एक. राहीबाईंना सहा वर्षांपासून मधुमेह, औषध आमच्या डॉक्टरांचंच. आधी पायाचं एक बोट काळं पडलं, मग पाऊल, आणि आता काळेपणा घोट्याच्या वर चढू लागला होता. त्यातून काळीज कमजोर.

डॉक्टरांनी पाय तपासला आणि बाहेर येऊन लालासाहेबांना सांगितलं, "गुडघ्यापासून पाय काढावा लागेल. तोही आजच. पण त्यांचं काळीज भूल सोसेल याची खात्री नाही."

"काढा साहेब," लालासाहेब म्हणाले. "इटलीत पाय गेलेली आमची पोरं जगली. माझ्या डोळ्यांनी बगितलंय."

"मी काढीन हो. पण आधी त्यांना विचारायचं. दुखण्याचं इंजेक्शन दिलंय, थोडी गुंगी आहे. उतरली की कागद वाचून दाखवा आणि अंगठा घ्या."

एरवी हे काम आदगोंडांचं. पण त्या दिवशी ते हत्यारं उकळत होते, आणि हवालदारांना लिहितावाचता चांगलं येत होतं. म्हणून आदगोंडांनी कागद आणि मी, दोघंही त्यांच्या हातात दिली.

मित्रांनो, पुढचं सांगताना मला आजही लाज वाटते. राहीबाई गाढ झोपल्या होत्या. लालासाहेब खाटेशेजारी उभे राहिले. पहाटे गाडीत त्यांनी आईला पाय काढण्याबद्दल विचारलं होतं आणि आई नको म्हणाली होती, हे मला नंतर कळलं. ते बराच वेळ तिच्याकडं बघत होते. मग त्यांनी तिचा हात उचलला, अंगठा माझ्या लोकरीवर टेकवला आणि कागदावर दाबला. गावाकडं म्हाताऱ्या माणसांचा अंगठा असाच धरून उठवतात, त्यांना त्यात पाप वाटलं नसेल. पण मला कळलं ना! जाग्या माणसाचा अंगठा टेकण्याआधी जरा बिचकतो, मग जोर करतो. हा अंगठा ओल्या पिठासारखा पडून होता. मला तोंड असतं तर मी ओरडले असते. काय करणार, पत्र्याची जात!

कागद आदगोंडांकडं गेला. टेबल धुऊन तयार झालं. डॉक्टर हात धुवायच्या आधी शेवटची नाडी बघायला खाटेपाशी आले. त्यांनी राहीबाईंचं मनगट धरलं आणि तसेच थांबले.

राहीबाईंच्या अंगठ्यावर शाई ओलीच होती. पांढऱ्या चादरीवर एक जांभळा डाग पडला होता. डॉक्टरांनी वाकून त्यांचं डोकं बघितलं. केस कापसासारखे पांढरेशुभ्र होते, त्यांत जांभळा रंग कुठंच नव्हता.

"हवालदार," डॉक्टर हळू आवाजात म्हणाले, "अंगठा उठवला तेव्हा आई जागी होती?"

लालासाहेब परेडवर उभे राहावेत तसे ताठ उभे राहिले.

"डॉक्टरसाहेब," आदगोंडा म्हणाले, "सगळी तयारी झालीय. उद्या पाय आणखी वर काळा होईल. मुलगा हो म्हणतोय, तुम्हालाही काढावासा वाटतोय. मग अडलं कुठं?"

"मला काढावासाच वाटतोय," डॉक्टर म्हणाले. "म्हणून तर माझीच मला भीती वाटते. त्या जाग्या होईपर्यंत कुणी हत्याराला हात लावायचा नाही."

आणि ते स्टूल ओढून खाटेजवळ बसले. बाहेर रोग्यांची रांग लागली होती, तरी ते उठले नाहीत. मी तिथंच खिडकीच्या कट्ट्यावर होते. दुपार कलली तेव्हा राहीबाईंनी डोळे उघडले. डॉक्टरांनी त्यांना पाणी दिलं आणि काही न लपवता सगळं सांगितलं. झोपेत उठवलेल्या अंगठ्याचंही सांगितलं. राहीबाईंनी मुलाकडं नुसतं बघितलं. मग त्यांनी विचारलं, "कापला तर जगंन का?"

"अर्धी आशा आहे. टेबलावरच काही झालं, असंही होऊ शकतं."

"आन् न्हाई कापला तर?"

"महिना. फार तर दीड महिना."

"लय दुखंल?"

"दुखू देणार नाही. ती जबाबदारी माझी."

राहीबाईंनी पदर सावरला. मग म्हणाल्या, "आवं डाक्टर, सा वरीस तुमी मला गुळाचा खडा खाऊ दिला न्हाई. आमच्या मळ्यात गुऱ्हाळ लागतंय, सारं गाव काकवी खातंय आन् मी आपली वास घेत बसतीया. जायाचंच हाय तर माझ्या दारात बसून ताजा गूळ खाऊन जाईन. पाय ऱ्हाऊ द्या."

"आये!" लालासाहेब कळवळले. "आसं नगं करू. मला दुसरं कोण हाय गं?"

"लाला, हिकडं ये. तू पलटणीत निगालास तवा मी नगं म्हणलं हुतं. माझा जीव तुटत हुता. पर तू जातोच म्हणालास. मी तुझी वाट अडवली का?"

"न्हाई."

"मंग?"

एवढा मोठा हवालदार खाटेच्या दांडीवर डोकं टेकून रडू लागला. आदगोंडाही तोंड फिरवून उभे राहिले. मला रडता येत नाही, पण लोकर ओली होतीच.

डॉक्टरांनी नवा कागद घेतला. आजवर त्या दवाखान्यात होकाराचेच कागद झाले होते, नकाराचा हा पहिलाच. राहीबाई सांगतील तसं त्यांनी लिहिलं: पाय कापू नये. दुखलं तर औषध द्यावं. गूळ मागेन तेवढा द्यावा. मग त्यांनी तो दोनदा वाचून दाखवला. "साक्षीला सही करा," असं लालासाहेबांना म्हणाले. लालासाहेबांनी नाही म्हणून मान हलवली आणि ते बाहेर निघून गेले.

राहीबाई उशीला टेकून बसल्या. त्यांनी मला मांडीवर घेतलं, अंगठा टेकवला. बिचकला तो! मग त्यांनी जोर केला आणि कागदावर असा लख्ख अंगठा उठवला की एकेक रेष मोजून घ्यावी. आणि हात आपोआप डोक्याकडं गेला. पांढऱ्या केसांत कानामागं एक जांभळी रेघ उमटली. आदगोंडांच्या हातात फडकं होतं, पण त्या दिवशी ते कुरकुरले नाहीत.

दुसऱ्या दिवशी गाडी परत गेली. डॉक्टरांनी अफूच्या औषधाची बाटली दिली, किती थेंब द्यायचे ते लालासाहेबांना तीनदा सांगितलं. आठवड्यातून दोनदा आदगोंडा पट्टी बदलायला जात. कधी डॉक्टर स्वतः जात. आले की आदगोंडा सांगायचे, "म्हातारी दारात बसून गूळ खातीय आणि येणाऱ्याजाणाऱ्याला ओरडतीय." चाळीस दिवसांनी राहीबाई गेल्या.

त्यानंतर माझे दिवस फिरले, मित्रांनो. लढाई संपली होती, माल येऊ लागला होता. कुणीतरी साताऱ्याहून नवा चकचकीत पॅड आणला आणि माझी रवानगी खणात झाली. शेजारी एक फुटका थर्मामीटर आणि गंजलेली कात्री. पाच वर्षांची चाकरी, आणि निरोपाचा शब्दही नाही! लोकर वाळली. मी मनातल्या मनात पुष्कळ चडफडले.

पुढच्या थंडीत, आईचं वर्षश्राद्ध उरकून लालासाहेब दवाखान्यात आले. काखेत गुळाची ढेप होती. ती टेबलावर ठेवून ते म्हणाले, "साहेब, तो कागद हाय का?"

डॉक्टरांनी कपाटातून दोन्ही कागद काढले. झोपेतल्या अंगठ्याचा आणि जाग्या अंगठ्याचाही.

"साक्षीला सही करा म्हणाला हुता. मी केली न्हाई. आज करायला आलोय."

डॉक्टरांनी पेन पुढं केलं. लालासाहेबांनी ते बाजूला सारलं. "पेन नगं. आईनं अंगठा उठवला, मीबी अंगठाच उठवणार." आदगोंडांनी नवा पॅड उघडला, तर त्यालाही नको म्हणाले. "ह्यो न्हाई. ती घोंगडीची डबी कुठं हाय? मडमेची?"

ऐकलंत ना? मडमेची डबी! सहीनं पगार घेणारा हवालदार मला नावानिशी विचारत होता. आदगोंडांनी सगळे खण उपसले, मला बाहेर काढलं, पदरचं चार थेंब जांभळं औषध आणि ग्लिसरीन घातलं. जतची लोकर ती, घटाघटा प्यायली आणि जागी झाली.

लालासाहेबांनी आईच्या अंगठ्याशेजारी आपला अंगठा उठवला. म्हणाले, "शेवटची आंघूळ घातली तवा सगळं धुतलं गेलं, साहेब. पर कानामागची रेघ गेली न्हाई. मी ती लय घासलीबी न्हाई."

मग त्यांचा हात डोक्याकडं गेला. केस पलटणीतल्यासारखे बारीक कापलेले, तरी जांभळा रंग धरलाच त्यांनी.

आता तुम्हीच सांगा, मी भंगार आहे का? त्या दिवसापासून डॉक्टरांनी मला पुन्हा टेबलावर घेतलं, आणि नव्यानं येणाऱ्या प्रत्येक डॉक्टराला ते दोन कागद दाखवतात. तुमच्याही घरात एखादं माणूस अंथरुणाला खिळलं, तर त्याचं काय करायचं ते दाराबाहेर कुजबुजून ठरवू नका. आत जा. ते झोपलं असेल तर जागं होईपर्यंत शेजारी बसा. खरं सांगा आणि मग विचारा. ते नको म्हणालं तर तेही लिहून घ्या. शाई मी देते.